अर्ध्या दिवसाची सायकल-फेरी : व्हिएतनाममधील शेती, हस्तव्यवसाय व प्रवासी

शेतीचा धंदा हा वर्षाचे बाराही महिने सारखे काम पुरविणारा धंदा नव्हे. पेरणी, लावणी व कापणी या दिवसांत घरातील लहानथोर सारे राबूनही हात अपुरे पडतात. आणि एकदा पीक घरात आले की तीच माणसे कामावाचून बसून राहतात. लहान शेतकऱ्याच्या हलाखीची जी अनेक कारणे आहेत, त्यांत जमिनीच्या तोकडेपणाइतकेच या रिकाम्या दिवसांचे कारणही मोठे आहे. म्हणूनच जोडधंद्यांचा पुरस्कार सर्वत्र केला जातो. परंतु जोडधंद्यात तयार झालेल्या मालाला गिऱ्हाईक कोठून आणावयाचे, या प्रश्नापाशी बहुतेक योजना अडून बसतात.

मध्य व्हिएतनाममधील होई आन या जुन्या बंदराच्या आसपासच्या खेड्यांत या प्रश्नाचे एक निराळे उत्तर पाहावयास मिळते. तेथे गिऱ्हाईकच सायकलीवर बसून कारागिराच्या दारी येते. सकाळी आठाच्या सुमारास शहरातून निघावयाचे, भातशेतांमधून दहा-पंधरा किलोमीटरांचा फेरा करावयाचा, वाटेत चटया विणणाऱ्या, तांदळाचे पापुद्रे करणाऱ्या, होड्या बांधणाऱ्या घरी थांबावयाचे आणि दुपारच्या जेवणापर्यंत परतावयाचे, अशी ही अर्ध्या दिवसाची फेरी असते. ही व्यवस्था कशावर उभी आहे, तीतील प्रत्येक धंद्याचा शेतीशी संबंध कसा येतो, तिच्यापासून लाभ कोणाला होतो आणि तिच्यात धोके कोणते, याचे विवेचन या लेखात केले आहे.

प्रदेशाची ओळख

होई आन हे थू बोन नदीच्या मुखाजवळ वसलेले आहे. सोळाव्या व सतराव्या शतकांत हे पूर्वेकडील एक नामांकित बंदर होते. चिनी, जपानी आणि पुढे युरोपीय व्यापारी येथे येत असत. कालांतराने नदीचे पात्र गाळाने भरत गेले, मोठी गलबते उत्तरेकडील दा नांग बंदराकडे वळली आणि होई आनचा व्यापार ओसरला. व्यापार ओसरल्यामुळेच जुनी लाकडी घरे पाडून नवी बांधण्याइतका पैसा गावात आला नाही व ती घरे टिकून राहिली. इ. स. १९९९ मध्ये युनेस्कोने या जुन्या वस्तीचा जागतिक वारशाच्या यादीत समावेश केला. तेव्हापासून येथे प्रवाशांची रीघ लागली. हा भाग पूर्वी क्वांग नाम प्रांतात मोडत असे. १ जुलै २०२५ पासून तो प्रांत दा नांग शहरात विलीन करण्यात आला आहे.

येथील पावसाचे मान आपल्या वाचकांनी विशेष लक्षात घेण्याजोगे आहे. आपल्याकडे नैर्ऋत्य मोसमी वारे सह्याद्रीवर अडतात, कोकणात मुसळधार पाऊस पडतो आणि घाटमाथ्याच्या पूर्वेला देशावर पाऊस कमी होत जातो. व्हिएतनामच्या पश्चिम सरहद्दीवर त्रुओंग सोन ही पर्वतरांग आहे. नैर्ऋत्येकडून येणारा पाऊस ती अडविते. त्यामुळे पूर्वेकडील या किनारपट्टीवर जून ते ऑगस्ट हे महिने उष्ण व कोरडे जातात. खरा पाऊस सप्टेंबर ते डिसेंबर या काळात, ईशान्येकडील वाऱ्यांबरोबर व समुद्रावरून येणाऱ्या वादळांबरोबर येतो. ऑक्टोबर-नोव्हेंबरात थू बोन नदीला पूर येणे हे येथे नेहमीचेच आहे. २०२५ च्या ऑक्टोबरअखेरीस आलेल्या महापुरात होई आनची जुनी वस्ती आणि सभोवतालची खेडी पाण्याखाली गेली होती.

या हवामानामुळे भाताची दोन पिके पुराचे महिने टाळून घ्यावी लागतात. पहिले पीक डिसेंबरअखेर अथवा जानेवारीत पेरून एप्रिलच्या सुमारास कापतात. दुसरे मे-जूनमध्ये पेरून सप्टेंबरात, मोठा पाऊस सुरू होण्याच्या आत, घरात आणतात. पुष्कळ ठिकाणी रोपे लावण्याऐवजी मोड आलेले बियाणे चिखलणी केलेल्या खाचरात पेरतात. कोकणातील रहू पद्धतीसारखीच ही रीत आहे. म्हणजे वर्षातील तीनएक महिने शेत पाण्याखाली आणि शेतकरी घरात, अशी स्थिती असते. घरात बसून करता येण्याजोग्या हस्तव्यवसायांची परंपरा अशा प्रदेशात बळावली, यात नवल नाही.

जमीन आणि रस्ता

या भागातील धारणक्षेत्र फार लहान आहे. जमीन मोजण्याचे तेथील परिमाण ‘साओ’ हे होय. मध्य व्हिएतनाममधील एक साओ म्हणजे सुमारे ५०० चौरस मीटर, अर्थात आपल्याकडील जवळजवळ ५ गुंठे. शेतकरी आपल्या जमिनीविषयी बोलताना साओतच बोलतो. एकरांत बोलण्याइतकी जमीन फारच थोड्यांपाशी असते.

१९७५ मध्ये युद्ध संपल्यानंतर शेती सामुदायिक पद्धतीने चालविण्यात आली. पुढे १९८६ मध्ये आर्थिक सुधारणांचे धोरण स्वीकारण्यात आले आणि १९८८ च्या निर्णयाने शेतकरी कुटुंब हाच उत्पादनाचा घटक मानण्यात आला. १९९३ च्या जमीन कायद्याने हंगामी पिकांच्या जमिनीचा वापरहक्क कुटुंबांना २० वर्षांसाठी दिला. २०१३ च्या कायद्याने ही मुदत ५० वर्षे केली. जमिनीची मालकी मात्र कायद्याने साऱ्या जनतेची मानली जाते. आपल्या कष्टाचे फळ आपल्याच घरी येणार, ही खात्री पटताच उत्पादन वाढले. १९८९ पासून हा देश मोठ्या प्रमाणावर तांदूळ निर्यात करू लागला. २०२४ साली ही निर्यात ९० लाख टनांहून अधिक झाली.

दुसरी गोष्ट रस्त्यांची. २०१० पासून तेथे नव्या ग्रामविकासाचा राष्ट्रीय कार्यक्रम राबविण्यात आला. त्यात खेड्याची प्रगती मोजण्यासाठी १९ कसोट्या ठरविल्या होत्या व रस्ते ही त्यांपैकी एक होती. खाचरांच्या कडेने जाणाऱ्या चिखलवाटांच्या जागी काँक्रीटचे अरुंद रस्ते झाले. हे रस्ते भाताची पोती, खते व यंत्रे नेण्यासाठी बांधले गेले. त्यांवरून प्रवासी सायकलीने फिरतील, हा हेतू त्यामागे नव्हता. परंतु मोटार न शिरणारा, सपाट, कोरडा व दुतर्फा भातशेत असलेला रस्ता सायकलीला जितका सोयीचा, तितका दुसऱ्या कशालाही नाही. शेतीच्या सोयीसाठी केलेल्या कामाचा लाभ अशा रीतीने दुसऱ्या धंद्यालाही मिळाला.

सायकल हे वाहन या देशाच्या अंगवळणी पडलेले आहे. १९५४ मधील दिएन बिएन फूच्या लढाईत हजारो सायकलींवर, एकेकीवर दोनशे किलोंहूनही अधिक भार लादून, डोंगरवाटांनी धान्य व दारूगोळा पोहोचविण्यात आला होता. आज गावकरी बहुधा मोटारसायकल वापरतात. प्रवाशांसाठी मात्र सायकलच सोयीची ठरते. कारण सायकलीवरचा माणूस थांबतो, विचारतो आणि घरात डोकावतो. मोटारीतला माणूस निघून जातो.

फेरीचा मार्ग

होई आनच्या समोर, थू बोन नदीच्या पलीकडच्या अंगाला कॅम किम हे बेट आहे. तेथे पुलावरून अथवा होडीने जाता येते. बेटावर भातशेते, मक्याचे व भाजीपाल्याचे तुकडे, केळी, सुपारी आणि विखुरलेली घरे आहेत. अर्ध्या दिवसाची फेरी बहुधा याच बेटावर होते. बरोबर स्थानिक वाटाड्या असतो. तो दुभाष्याचेही काम करतो. आता फेरीतील एकेका ठिकाणाचा परिचय करून घेऊ.

१. चटई विणणे

आपल्या शेतातील लव्हाळा सर्वांना परिचित आहे. त्याच कुळातील, परंतु माणसाच्या उंचीएवढी वाढणारी एक वनस्पती नदीमुखाजवळच्या मचूळ पाण्याच्या दलदलीत येते. जेथे खारेपणामुळे भात नीट पिकत नाही, तेथेही ती वाढते, हा तिचा मोठा गुण होय. तिचे त्रिधारी दांडे कापून ओले असतानाच उभे चिरतात, कडक उन्हात वाळवितात आणि रंगीत चटई हवी असल्यास उकळत्या रंगात बुडवून पुन्हा सुकवितात.

माग जमिनीलगत आडवा मांडलेला असतो. तागाच्या दोऱ्यांचा ताणा असतो व त्यावर दोन बायका मिळून विणतात. एकीच्या हाती बांबूची लांब काठी असते. तिच्या टोकाला दांड्याची चीर अडकवून ती ताण्यातून आरपार सरकविते. दुसरी जड लाकडी फणी आपल्याकडे ओढून ती चीर ठोकून बसविते. प्रत्येक ठोक्यागणिक फणी किंचित कलती करून ताण्याचे दोरे वरखाली केले जातात. दोघींचा ताल जमला तरच वीण घट्ट बसते. म्हणूनच सासू-सून, मायलेकी अथवा शेजारणी अशा जोड्या वर्षानुवर्षे एकत्र विणताना आढळतात.

यंत्रावर झालेल्या प्लॅस्टिकच्या चटया बाजारात आल्यापासून हा धंदा खालावला आहे. कॅम किम बेटावर आता मोजक्याच घरांत माग उरले असून विणणाऱ्यांत वयस्क स्त्रियांचाच भरणा अधिक आहे. प्रवासी येतात, काठी हाती घेऊन चार-दोन चिरा सरकवून पाहतात, फोटो घेतात. मोठी चटई विमानातून नेणे अवघड असल्याने लहान आसने व पिशव्या यांना मागणी असते. ज्या घराने ही गोष्ट ओळखली त्याचा माल खपतो.

२. तांदळाचे पापुद्रे, शेवया आणि डुकरांचे खाद्य

भिजविलेला तांदूळ पाण्याबरोबर वाटून पातळ पीठ करतात. उकळत्या पाण्याच्या मडक्यावर कापड ताणून बांधलेले असते. त्यावर पळीने पीठ पातळ पसरून झाकण ठेवतात. थोड्याच वेळात वाफेवर पापुद्रा शिजतो. तो बांबूच्या पातळ काठीने अलगद उचलून बांबूच्या जाळीवर उन्हात वाळत घालतात. आपल्याकडील सालपापड्यांची कृती ज्यांना ठाऊक आहे, त्यांना यात नवखे असे काही वाटणार नाही. हाच पापुद्रा जाडसर ठेवून कापला की त्याच्या चपट्या शेवया होतात. होई आनच्या ‘काओ लाऊ’ नावाच्या प्रसिद्ध शेवयांसाठी तांदूळ राखेच्या निवळीत भिजविण्याची परंपरा आहे. राखेतील क्षारामुळे शेवयांना रंग व चिवटपणा येतो.

यातील अर्थशास्त्र मात्र बारकाईने पाहण्यासारखे आहे. भात सडले की तूस निघते; ते चुलीत जळणासाठी जाते आणि त्याची राख भाजीच्या वाफ्यात पडते. कोंडा डुकरांना व कोंबड्यांना जातो. तांदूळ धुतलेले व वाटपातले पिठूळ पाणीही डुकरांच्या खाद्यात मिसळतात. बेटावरील काही घरे शिजविलेल्या तांदळात किण्वाच्या वड्या कुसकरून घालतात व आंबवून त्याची दारू गाळतात. उरलेला चोथा हा डुकरांचा उत्तम खुराक समजला जातो. कित्येक घरी दारूवर सुटणारा नफा बेताचाच असतो. खरा नफा चोथ्यावर पोसलेल्या डुकरात असतो. डुकरांचे शेण खतात अथवा गोबरगॅसच्या टाकीत जाते. नेदरलँड्सच्या साहाय्याने २००३ पासून तेथे घरगुती गोबरगॅसचा कार्यक्रम चालविला गेला, त्याचा पाया हाच.

आपल्याकडे घरगुती दारू गाळणे कायद्याने वर्ज्य आहे व ते योग्यच आहे. या उदाहरणातून घ्यावयाचे ते एवढेच की, एका मालाचे चार उपपदार्थ निघत असतील तर त्या चारांनाही घरातच काम दिले पाहिजे. मूळ मालाची किंमत बाजार ठरवितो. उपपदार्थाची किंमत शेतकऱ्याची गृहिणी ठरविते.

३. सुतारकाम व होड्या

बेटावरील किम बोंग हे सुतारांचे गाव. होई आनच्या जुन्या घरांचे खांब, तुळया व नक्षीदार पट्ट्या घडविणाऱ्या कारागिरांची ही परंपरा आहे. नदीकाठी होड्या बांधण्याच्या शेडा आहेत. या भागातील मासेमारी होड्यांच्या नाळेवर दोन डोळे रंगविलेले असतात. होडीला वाट दिसावी, अशी त्यामागे श्रद्धा आहे. कोरीव कामासाठी फणसाचे लाकूड पसंत करतात. ते कोरावयास सोपे असून त्याला पिवळसर सोनेरी झाक असते. आपल्या कोकणात फणसाच्या लाकडाचे मोल जाणणारे कारागीर आहेत, त्यांना हे सहज पटेल.

व्यापारी बंदर ओसरल्यावर हा धंदाही मंदावला होता. १९९९ नंतर जुन्या घरांच्या दुरुस्तीची कामे निघाली आणि सुतारांच्या हातांना पुन्हा काम मिळाले. येथे एक महत्त्वाचा भेद दिसून येतो. चटई विणणाऱ्या बाईला प्रवाशाच्या भेटीवर बरेचसे अवलंबून राहावे लागते. सुताराला घरदुरुस्ती, होड्या व देवघरे यांचे स्थानिक गिऱ्हाईक आहे आणि प्रवासी हा त्यावरचा जादा लाभ आहे. ज्या हस्तव्यवसायाला गावातच गिऱ्हाईक आहे, तो टिकण्याचा संभव अधिक, हे यावरून ध्यानात येईल.

४. त्रा क्वे येथील भाजीपाला

दुसरी अर्ध्या दिवसाची फेरी शहराच्या ईशान्येस सुमारे तीन किलोमीटरांवरील त्रा क्वे या गावी जाते. एका अंगाला नदी व दुसऱ्या अंगाला पाणथळ यांमध्ये वसलेल्या या गावाची जमीन वाळूसर आहे. अशा जमिनीत निचरा उत्तम होतो, मशागत हलकी पडते. परंतु पाणी व अन्नद्रव्ये टिकत नाहीत. यावर गावकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या एकच उपाय केला आहे. नदीतील व पाणथळातील पाणवनस्पती काढून त्या वाफ्यांत गाडावयाच्या. त्या कुजून सेंद्रिय द्रव्य वाढते, वाळू ओल धरू लागते व पिकाला हळूहळू अन्न मिळत राहते.

वाफे अरुंद व उंच असतात. पुदिना, तुळशीच्या जाती, कोथिंबिरीच्या वासाच्या निरनिराळ्या वनस्पती, मोहरीचा पाला, सॅलड, कांद्याची पात अशी थोड्या दिवसांत तोडणीस येणारी पिके एकामागून एक घेतात. खांद्यावरील कावडीला लांब तोटीच्या दोन झाऱ्या टांगून, दोन्ही बाजूंच्या वाफ्यांना एकाच वेळी पाणी घालीत शेतकरी मधल्या वाटेने चालत जातो. आता नळ व तुषारांची सोयही पुष्कळ ठिकाणी झाली आहे. प्रवाशाला मात्र कावड हाती दिली जाते. आणि दहा पावलांतच तिचे वजन त्याला कळून चुकते!

येथील भाजीला होई आनच्या खाणावळींत व बाजारात कायमची मागणी आहे. प्रवासी नसते तरी वाफे पिकलेच असते. याच कारणाने या गावाचे उदाहरण सर्वांत भक्कम आहे. २०२४ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेने उत्कृष्ट पर्यटन ग्रामांच्या यादीत त्रा क्वेचा समावेश केला. हा मान वाफ्यांतील हिरव्या भाजीमुळे मिळाला, हे विसरून चालणार नाही.

सरकारी धोरण

व्हिएतनाममध्ये हस्तव्यवसायाच्या गावांना कायदेशीर मान्यता देण्याची पद्धत आहे. २०१८ च्या सरकारी आदेशाप्रमाणे, गावातील किमान २० टक्के कुटुंबे ग्रामीण हस्तव्यवसायात असली आणि धंदा सलग दोन वर्षे स्थिरपणे चालला असला, म्हणजे त्याला हस्तव्यवसाय-ग्राम ही मान्यता मिळू शकते. पर्यावरणाचे नियम पाळणेही आवश्यक असते. एखादा व्यवसाय परंपरागत ठरण्यासाठी तो त्या ठिकाणी ५० वर्षांहून अधिक काळ चालत आलेला असावा लागतो. मुद्दा असा की, एकटा-दुकटा कारागीर उचलून धरण्याऐवजी गावाचा समूह हा घटक मानला आहे.

त्याच वर्षी ‘एक कम्यून, एक उत्पादन’ हा कार्यक्रम देशभर सुरू झाला. जपानच्या ओइता प्रांतात १९७९ मध्ये सुरू झालेल्या ‘एक गाव, एक उत्पादन’ या चळवळीचा तो वारसा आहे. उत्पादनाची तपासणी करून त्याला तारे देण्यात येतात. तीन ते पाच ताऱ्यांच्या मालावर तशी खूण लावता येते. अनोळखी प्रवाशाला मालाच्या गुणवत्तेची खात्री पटविण्याचे हे साधन आहे.

लाभ कोणाला?

प्रवासी शहरात फेरीचे पैसे भरतो. त्यातून सायकलींचे भाडे, वाटाड्याची मजुरी, होडीचे भाडे, फेरी चालविणाऱ्याचा नफा हे सारे वजा जाते आणि उरलेला भाग कारागिराच्या घरी पोहोचतो. हा भाग किती, हे आधी ठरलेले नसेल तर तो नेहमीच थोडा ठरतो. जेथे कारागिराला केवळ वस्तू विकल्या गेल्या तरच पैसे मिळतात, तेथे त्याची अवस्था बिकट होते. समजा, एका सकाळी पाच तुकड्या आल्या आणि प्रत्येकीने २० मिनिटे घेतली. म्हणजे १०० मिनिटे मागावरचे काम थांबले, आणि तेही दोन विणकरणींचे. तेवढ्या वेळात झाली असती त्या विणाईची किंमत जर भेटीच्या पैशांतून भरून निघाली नाही, तर पाहुणा आला आणि घराला तोटा झाला, असे होते. यासाठी भेटीचा मोबदला वस्तूच्या विक्रीहून निराळा, माणशी अथवा तुकडीमागे ठरवून, त्याच दिवशी देण्याची पद्धत सर्वांत न्याय्य होय.

दुसरा प्रश्न भातशेतांचा. प्रवासी ज्या हिरव्या देखाव्यासाठी सायकल चालवीत येतो, तो देखावा शेतकऱ्याने चिखल तुडवून निर्माण केलेला असतो. परंतु पैसा मिळतो तो रस्त्याकडेच्या घराला. खाचरात राबणाऱ्याला काहीच मिळत नाही. अशा वेळी खाचर बुजवून तेथे निवासगृह बांधण्याचा मोह होणे स्वाभाविक आहे. एकाने तसे केले तर त्याचा लाभ होईल. सर्वांनी केले तर पाहावयास शेतच उरणार नाही व सर्वांचाच धंदा बुडेल. म्हणून उत्पन्नाचा काही अंश बांधबंदिस्ती, पाटदुरुस्ती अशा सामाईक कामांकडे वळविला पाहिजे.

तीन धोके

पहिला धोका अवलंबनाचा. २०१९ मध्ये सुमारे १ कोटी ८० लाख परदेशी प्रवासी व्हिएतनामला आले होते. मार्च २०२० मध्ये साथीमुळे सरहद्दी बंद झाल्या व परदेशी प्रवाशांना त्या पूर्णपणे खुल्या झाल्या त्या १५ मार्च २०२२ रोजी. दोन वर्षे गिऱ्हाईक नाही, अशी आपत्ती कोणत्याही दुकानाला झेपणारी नाही. ज्यांचे खाचर व वाफे कसलेले होते, त्यांना निदान घरच्या अन्नाचा आधार होता. २०२४ पर्यंत प्रवाशांची संख्या पुन्हा १ कोटी ७६ लाखांवर गेली, तरी हा धडा विसरण्याजोगा नाही.

दुसरा धोका रोगराईचा. फेब्रुवारी २०१९ मध्ये डुकरांचा आफ्रिकी ताप व्हिएतनाममध्ये शिरला आणि त्या एका वर्षात सुमारे ६० लाख डुकरे नष्ट करावी लागली. हाच रोग २०२० मध्ये आसाममार्गे आपल्या देशातही आला. बाहेरच्या माणसाच्या बुटांबरोबर व उष्ट्या अन्नाबरोबर असे रोग पसरू शकतात. त्यामुळे पाहुण्यांना गोठ्यात, डुकरांच्या अथवा कोंबड्यांच्या खुराड्यात नेऊ नये.

तिसरा धोका देखाव्याचा. माग हा केवळ दाखविण्यासाठी मांडलेला असेल, विणलेली चटई कोणी वापरीत नसेल आणि दुकानातील माल कारखान्यातून आणलेला असेल, तर ते हस्तकौशल्य उरत नाही. त्याहूनही गंभीर गोष्ट अशी की, विणणाऱ्या आज साठीच्या पुढे असतील आणि शिकणारे कोणी नसेल, तर दहा-पंधरा वर्षांनी दाखविण्यासही काही शिल्लक राहणार नाही. तरुण मुलगी मागावर बसावी असे वाटत असेल, तर शहरातील मजुरीच्या तोडीचे उत्पन्न त्या मागाने दिले पाहिजे. उपदेशाने हे होत नाही, हिशेबाने होते.

गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी ध्यानात घ्यावयाचे मुद्दे

महाराष्ट्र शासनाने २०२० मध्ये कृषी पर्यटन धोरण स्वीकारले असून अनेक शेतकरी या मार्गाकडे वळले आहेत. वारली चित्रे, सावंतवाडीची लाकडी खेळणी, बुरुडांचे बांबूकाम, कुंभारांची मडकी असे व्यवसाय आपल्याकडेही शेतीच्या सोबतीने चालत आले आहेत. अशा गावांत काम करताना पुढील गोष्टी उपयोगी पडतील.

(१) आधी गावाचा नकाशा काढावा. दहा-बारा किलोमीटरांच्या परिघात, सायकलीने जाण्याजोग्या वाटेवर, खरोखर चालू असलेले किती व्यवसाय आहेत, ते पाहावे. चार चालू व्यवसाय हे चाळीस बंद पडलेल्यांहून बरे.

(२) प्रत्येक व्यवसायाचा कच्चा माल व उपपदार्थ लिहून काढावेत. काय शेतातून येते व काय शेतात परत जाते, हे त्यावरून कळेल. पाहुण्यालाही हीच हकिगत ऐकावयास आवडते.

(३) फेरीची वेळ हंगाम पाहून ठरवावी. लावणीच्या व कापणीच्या दिवसांत भेटी कमी ठेवाव्यात. पुराच्या अथवा मुसळधार पावसाच्या महिन्यांत फेऱ्या बंद ठेवाव्यात.

(४) भेटीचा मोबदला आरंभीच ठरवून लिहून ठेवावा व तो घरातील ज्या व्यक्तीचे कौशल्य दाखविले जाते तिच्याच हाती द्यावा. चटई विणते बाई आणि पैसे घेतो दुसराच, असे होऊ देऊ नये.

(५) एकाच घरी सर्व पाहुणे नेऊ नयेत, पाळी लावावी. त्यामुळे काम थांबत नाही व गावात असूया वाढत नाही.

(६) पिण्याचे शुद्ध पाणी, स्वच्छ संडास व सावलीची जागा एवढ्या तीन सोयी आधी कराव्यात. कमानी व फलक यांवरील खर्च मागाहून करता येतो.

(७) वस्तू लहान, हलकी व उपयोगी असावी. घडविणाऱ्याचे नाव व गाव तिच्यावर असावे.

(८) एकूण घरखर्चाचा मोठा हिस्सा शेतीतून व स्थानिक विक्रीतून निघत आहे ना, हे दरवर्षी हिशेब करून पाहावे. पाहुण्यांचे उत्पन्न ही भाकरीबरोबरची चटणी आहे. भाकरी शेतातच पिकली पाहिजे.

होई आनच्या परिसरातील शेतकऱ्याजवळ जमीन थोडी आहे, पुराचे संकट दरसाल आहे आणि बाजारात त्याच्या मालाशी स्पर्धा करणारी यंत्रे आहेत. आपल्याकडील लहान शेतकऱ्याची स्थितीही याहून फारशी निराळी नाही. पाच-दहा गुंठ्यांच्या तुकड्यावर, एका मागावर किंवा एका चुलीवर कुटुंब उभे राहू शकत नाही. पण या तिन्हींची सांगड नीट घातली आणि चौथी म्हणून पाहुण्याची मिळकत तीत जोडली, तर ते कुटुंब गाव न सोडता राहू शकते. ही सांगड कोणत्या गावी जमेल व कोणत्या गावी जमणार नाही, याची पाहणी शेतकरी व कार्यकर्ते यांनी मिळून, येत्या हंगामाचे काम आटोपताच हाती घ्यावी.